धुऱ्यापासून सातवी ओळ

नानाजींच्या वावरात त्या वर्षी कपाशीची पऱ्हाटी माणसाच्या डोक्यावर गेली होती. धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभं राहिलं तर आत काम करणारा दिसायचा नाही. फक्त औषधाचं धुकं दिसायचं, शेंड्यांवरून हळूहळू सरकणारं. दीपमाला डबा घेऊन बोरीच्या झाडाखाली आली तेव्हा ते धुकं वावराच्या मधोमध होतं. तिनं धुऱ्यापासून ओळी मोजल्या. पन्नास, एक्कावन्न. म्हणजे बाप पोलंडच्या आसपास होता.

मोजायची सवय एकोणतिसाव्या वर्षीही सुटली नव्हती. भीमराजनं, तिच्या बापानं, ती लहान असतानाच नानाजींकडे मजुरी करता करता या वावरातल्या ओळींना देशांची नावं देऊन टाकली होती. बोरीच्या झाडाकडून पहिली ओळ इजिप्त, मग लिबिया, सुदान, चाड, इथिओपिया, केनिया. आफ्रिका संपली की युरोप, मग आशिया आणि नाल्याच्या काठाला दोन्ही अमेरिका. पेरणी दरवर्षी नवी, पण मोजणी तीच. वावरात एकशे बारा ओळी होत्या. जग त्यात मावत नसे. उरलेली बेटं तो धुऱ्यावर सोडून द्यायचा.

आधी बाया हसल्या होत्या. मग वेचणीला त्यांनाच ते सोयीचं वाटू लागलं. मी चाडमधी हाव, तू केनिया घे, असं चालायचं. शेजारची हंसाबाई तर एकदा नानाजींनाच म्हणाली होती की तुमचा फ्रान्स पोचट निघाला, बोंडात काही नाई.

धुकं थांबलं. थोड्या वेळानं भीमराज ओळीतून बाहेर आला. पाठीवर पंप, तोंडाला पंचा, डोळे लाल. पंप उतरवायला दीपमालानं मागून हात दिला तेव्हा त्याच्या सदऱ्याची पाठ ओली लागली. घाम असेल असं तिला वाटलं. मग हाताला वास आला.

"गळते काय हा?"

"जरासा. वायसर गेलं." त्यानं पंप झाडाला टेकवला. "चीनचा हाय. तठून अठीवर आला, दमला असन."

तिनं बाटलीतलं पाणी त्याच्या हातांवर ओतलं. त्यानं माती लावून हात चोळले, पुन्हा पुढे केले. बोटांच्या पेरांवरची कातडी पांढरी पडून सोलली होती. नानाजींच्या बायकोनं, बेबीताईंनी, थर्मासमध्ये चहा पाठवला होता. भीमराजनं बोरीच्या खांदीतून आपला कप काढला, विसळला, चहा घेतला, पुन्हा विसळला आणि जागेवर ठेवला. त्या कपाला दुसरं कुणी हात लावत नसे. त्याबद्दल त्यानं कधी काही म्हटलं नव्हतं आणि दीपमालानं नोकरी लागल्यावर एकदा म्हटलं तेव्हा तो कपाकडे बघत राहिला होता, जणू तो तिथं आहे हे त्याला आत्ताच कळलं.

भाकर त्याला गेली नाही. अर्धी फडक्यात बांधून ठेवली. आफ्रिका सकाळीच आटपली म्हणाला, सुदानात अळी लय आहे.

"दोन झाले म्हणे थे सुदान. पेपरात होतं मांगं."

"हो," दीपमाला म्हणाली. ती मोबाइलमध्ये गाडीची वेळ बघत होती. दुपारच्या गाडीनं तिला यवतमाळला परतायचं होतं. तिथं लोहाऱ्याच्या एका शाळेत ती इतिहास-भूगोल शिकवायची आणि सोमवारी पहिलाच तास तिचा असायचा.

तिनं मान वर केली तेव्हा तो तिच्याकडे बघत होता. काहीतरी विचारायला त्यानं तोंड उघडलं होतं. मग त्यानं पंचा वर ओढला.

"कांगोत काही नाई पण," तो पंच्याच्या आतून म्हणाला. "कांगो साफ हाय."

ते नाव तो नेहमी असंच घ्यायचा. जपून आणि तिच्याकडे बघून. मोठ्या माणसांसमोर बसताना पाय झाकून घ्यावेत तसा.

"डोळ्याले चष्मा लावत जा, बाबा."

"लावीन."

तिनं पंप उचलून त्याच्या पाठीला दिला. तो पट्ट्यांत हात घालून जरा डुलला, सावरला आणि ओळीत शिरला. काही वेळ पऱ्हाटी हलताना दिसली. मग नुसतं धुकं. गाडीत खिडकीशी बसल्यावरही तिच्या तळहाताला तो वास होता.

*

भीमराज सातवी शिकला होता. पुढं शिकायचं राहिलं. पण तो गावच्या, बोरी अरबच्या, शाळेत चुना मारायला गेला होता त्या उन्हाळ्यात हेडमास्तरांनी अडगळ बाहेर काढली आणि तीत एक नकाशांचं पुस्तक निघालं. पुठ्ठा गेलेला, पानं शाबूत. टाकून देतो म्हणाले तर यानं मागून घेतलं. त्या पुस्तकात रशिया म्हणजे अर्ध्या पानावर पसरलेला एकच गुलाबी देश होता. युगोस्लाव्हिया होता. आफ्रिकेच्या पोटात, नदीच्या वळणावर, झायरे होता.

त्या पुस्तकावर दीपमाला वाढली. अक्षर ओळखायच्या आधी तिला इटली ओळखता यायची. बाप निंदणाला, डवऱ्यावर, बैल धुताना कुठंही असला तरी विचारायचा आणि ती उत्तर द्यायची. नाईल कुठी मिळते? मंगोलियाले समुद्र हाय काय? गावाचं नावच अरब म्हणून तो म्हणायचा, परदेश आपल्या वेशीवरून चालू होते. पाटलाच्या ओट्यावर बसलेली माणसं त्याला मुद्दाम हाक मारून विचारायची, काय रे भीमराज, अमेरिकेत पाणी पडलं काय. तो हसून पुढं जायचा. दीपमालाला ते हसणं आवडायचं नाही, पण प्रश्न आवडायचे. दुसऱ्या कुठल्याच पोरीला तिचा बाप काही विचारत नव्हता.

ती आठवीत असताना दारव्ह्याला सामान्यज्ञानाची स्पर्धा झाली, साऱ्या तालुक्याची. पहिलं बक्षीस पृथ्वीचा गोल, पितळी कण्यावर फिरणारा. देवराव गुरुजींनी तिला महिनाभर तयार केलं होतं. त्यांच्याकडे नवं पुस्तक होतं. त्यांनी तिच्याकडून बदललेली नावं पाठ करून घेतली होती आणि झायरेचं नाव बदलून कांगो झालं, हे त्यात पहिल्याच पानावर होतं. घरी तिनं ते सांगितलं नव्हतं. सांगावं असं दोनदा वाटलं होतं. पण बाप नकाशाच्या पुस्तकाला वर्तमानपत्राचं कव्हर घालत बसला होता, डिंक लावून, कोपरे दुमडून.

स्पर्धेला तो आला. पांढरा सदरा घालून आला आणि आत खुर्च्या रिकाम्या असताना खिडकीबाहेर उभा राहिला. शेवटच्या फेरीत दोन मुली उरल्या. परीक्षकांनी विचारलं, किन्शासा ही कोणत्या देशाची राजधानी?

दीपमालानं खिडकीकडे पाहिलं. बापाचा चेहरा उजळला होता. त्याला येत होतं. सातवी ओळ. गजांना धरलेले त्याचे हात तिला दिसले. आपण कांगो म्हटलं तर याला वाटेल पोरगी चुकली आणि परीक्षक बरोबर म्हणतील तेव्हा याला कळेल की चुकलं कोण. इतकं सगळं तेराव्या वर्षी दोन क्षणांत तिच्या डोक्यातून गेलं.

"झायरे," ती म्हणाली.

परीक्षक चांगले होते. त्यांनी समजावून सांगितलं. झायरे हे जुनं नाव, चार वर्षांपूर्वीच बदललं, ज्यांच्याकडे जुनी पुस्तकं आहेत त्यांची अशी चूक होते. मागं कुणीतरी हसलं. तिनं पुन्हा खिडकीकडे पाहिलं तर खिडकीत कुणी नव्हतं.

गाडीत तो दारव्हा ते बोरी तिकिटाची घडी घालत, उलगडत बसला. उतरताना म्हणाला, "माह्यामुळं गेला बाई तुहा गोल."

तेव्हा सांगायचं होतं. रस्ता रिकामा होता, दोघंच चालत होते. पण तिला राग आला होता. त्याच्यासाठी केलं आणि तेही फुकट गेलं याचा राग. घरी कांताबाईनं, तिच्या मायनं, काय झालं म्हणून विचारलं.

"बाबाच्या पुस्तकात जुनं नाव हाय," दीपमाला म्हणाली. "म्हणून हरली."

भीमराज अंगणात पाय धूत होता. पाण्याचा आवाज थांबला. मग थोड्या वेळानं पुन्हा सुरू झाला.

त्यानंतर त्यानं तिला कधी काही विचारलं नाही. बोलायचा, हसायचा, फीचं बघायचा, गाडीवर पोचवायला यायचा. पण प्रश्न संपले. ती बारावी झाली, बीए, एमए, बीएड झाली, पुस्तकांनी खोली भरली, देश कसे होतात आणि कसे मोडतात हे तिनं जाड जाड ग्रंथांत वाचलं. सोळा वर्षांत त्यानं तिला एका नदीचं नाव विचारलं नाही आणि तिनं त्याला खरं काय ते सांगितलं नाही. आधी रागानं राहिलं, मग लाजेनं. मग वाटलं, तो विसरला असेल. पण तो कांगो असा जपून म्हणायचा.

*

सोमवारी सकाळी भीमराजला ओकारी झाली. दुपारी त्याला दिसेनासं झालं. कांताबाई कपाळाला हळद लावत होती तर तो विचारत राहिला, दिवा काहून नाई लावला. हंसाबाईच्या जावयाच्या ऑटोतून त्याला यवतमाळला आणलं. दीपमाला शाळेतून तशीच दवाखान्यात गेली. त्या वॉर्डात त्या आठवड्यात खाटा पुरत नव्हत्या. सगळे फवारणीचे. कुणी वणीकडचा, कुणी केळापूरकडचा, सगळ्यांचे डोळे सारखेच लाल आणि हात खाटेला बांधलेले, कारण अंगाला झटके यायचे.

भीमराजनं तिला आवाजावरून ओळखलं. तिनं त्याचा हात धरला. बोलायला वेळ होता. मंगळवारचा सगळा दिवस होता. पण शेजारच्या खाटेवर माणूस होता, नळ्या होत्या, नर्स येत-जात होती आणि अशा वेळी सोळा वर्षांपूर्वीच्या स्पर्धेचं काय काढायचं. ती म्हणाली, बरं वाटेल, बाबा. तो हाव म्हणाला. बुधवारी सकाळी तो गेला.

चौथ्या दिवशी नानाजी आले. अंगणात खाट टाकली तर काठावर बसले. साठीचा माणूस, त्यांच्याही मनगटांवर फोड होते. अनोळखी घरी आल्यासारखे ते इकडेतिकडे बघत होते. शेवटी म्हणाले की पंचनाम्याला माणसं येणार आहेत. भीमराज त्या आठवड्यात आणखी दोघातिघांकडे गेला होता, असं लोक म्हणतात.

"नवता गेला," कांताबाई म्हणाली. तिनं पाण्याचा तांब्या त्यांच्यापुढे ठेवला होता. त्यांनी तो उचलला नव्हता.

नानाजींनी मनगटावरचा फोड चोळला. मग उठून गेले. दीपमालाला वाटलं, आता हा माणूस नाही म्हणेल आणि आपल्याला भांडावं लागेल. तिनं काय बोलायचं ते मनात जुळवूनही ठेवलं. पण दुसऱ्या दिवशी कागद घेऊन माणसं धुऱ्यावर उभी राहिली तेव्हा नानाजींनीच बोट दाखवलं. माह्याच वावरात होता, म्हणाले. आठ दिवस. पंप माहा होता, गळत होता, मले माहीत होतं. त्यांचा आवाज चिरकला, पण वाक्य त्यांनी पुरं केलं. परत फिरताना त्यांनी बोरीच्या खांदीतला कप काढला आणि काय करावं न सुचून पुन्हा तिथंच ठेवला.

दीपमाला धुऱ्यावर उभी होती. खरं सांगणं इतकं सोपं असतं, असं तिला वाटलं. आणि मग वाटलं, नाही, सोपं नसतं.

*

बौद्ध रीतीनं पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, पांढऱ्या कपड्यातली माणसं पांगली. दुसऱ्या दिवशी सकाळी माय धान्य वाळवायला अंगणात बसली तेव्हा दीपमालानं बापाची पेटी उघडली. दोन सदरे, आधार कार्ड, चष्म्याचं नवं पाकीट. चष्मा घेतलेला होता, फवारणीचा, प्लास्टिकचा, काच झाकणारा कागदही न काढलेला. त्याच्या खाली नकाशांचं पुस्तक.

कव्हर तेच, डिंकानं चिकटवलेलं. आत मात्र जग दुसरं होतं. गुलाबी रशियात निळ्या बॉलपेननं रेघा मारून पंधरा देश पाडले होते. रेघा थरथरत्या, पण बऱ्याचशा जागच्या जागी. युगोस्लाव्हियाचे तुकडे केले होते आणि प्रत्येकात बारीक अक्षरात नाव होतं. बाजूला माहिती कुठून मिळाली तेही लिहिलं होतं. न्हाव्याच्या दुकानातला पेपर. दवाखान्याच्या भिंतीवरचा नकाशा. देवराव गुरुजी, बाजारात भेटले तेव्हा. सुदानमधून एक आडवी रेघ गेली होती. आफ्रिकेच्या पोटातलं झायरे इतक्या वेळा खोडलं होतं की कागद फाटला होता आणि फाटक्यावर मागून चिठ्ठी चिकटवून कांगो लिहिलं होतं.

तिनं पान उलटलं. समासात ठिकठिकाणी दोन शब्द होते. अरल समुद्र आटला म्हणतात, खरं काय — दीपीले विचारणे. टिमोर नवा झाला काय — दीपीले विचारणे. कापूस आधी कोण्या देशात पिकला — दीपीले विचारणे. नव्या सुदानची राजधानी — दीपीले विचारणे.

शाई कुठं जुनी, कुठं नवी होती. सोळा वर्षांची. एकाही प्रश्नापुढं उत्तर नव्हतं. दीपमालानं शेवटच्या पानापर्यंत सगळे वाचले. तिला सगळ्यांची उत्तरं येत होती.

बाहेरून मायनं हाक मारली. गव्हात खडे लय आहेत, जरा येऊन निवडू लाग म्हणाली. ती गेली आणि दुपारपर्यंत खडे निवडत बसली.

*

दिवाळीनंतर वेचणी लागली. कांताबाईनं विळ्याच्या खिळ्याला टांगलेली कापूस वेचायची ओटी काढली आणि नेहमीसारखी कमरेला बांधली. काही दिवस घरी राहा म्हणून दीपमालानं सांगून पाहिलं. माय म्हणाली, घरी बसून काय करू, भिंती पाहू? मग दीपमालानंही रजा टाकली आणि मायची जुनी ओटी बांधून बरोबर निघाली.

पऱ्हाटी उंच होती, पण बोंडं पोचट. अळीनं आतून खाल्लेली, काळी. चांगलं बोंड दहातलं चार. बाया बोरीखाली जमल्या. कप खांदीत होता, त्यात पानं पडली होती. मग हंसाबाई ओळी वाटायला लागली, कारण आता वाटणारी तीच होती.

"मी इजिप्त घेतो. तानाबाई, तू लिबिया. सुदान कोण घेते? अळीचा हाय, पह्यलेच सांगतो." एक बाई हसली, मग सगळ्या जरा जरा हसल्या. "कांताबाई, तू केनिया घे. अन् तू, मास्तरीण, त्याच्या बाजूची."

"झायरे," तानाबाई म्हणाली.

"कांगो म्हण, माय," हंसाबाईनं तिला टोकलं. "झायरे म्हटलं का भीमराज हातातलं काम सोडून सांगाले ये. झायरे नोको म्हणू बाई, म्हणे, माह्या पोरीचं नुसकान झालं त्या नावानं."

दीपमालानं कमरेची गाठ पुन्हा बांधली. घट्ट होती तरी बांधली. मग ती सातव्या ओळीत शिरली.

आत वारा नव्हता. दोन्ही बाजूंनी पऱ्हाटी डोक्याच्या वर आणि वर आभाळाची एक पट्टी. ओळ साफ होती. त्यानं सांगितलं होतं तशी. बोंडं पांढरी फुटली होती, टपोरी, वावरात दुसरीकडे कुठं नव्हती तशी. सुक्या बोंडाची टोकं बोटांना टोचत होती आणि खडू धरून मऊ झालेल्या बोटांतून थोड्याच वेळात रक्त आलं. तिनं ते ओटीला पुसलं. शेजारच्या ओळीत माय वेचत होती. दिसत नव्हती, फक्त हातांचा आवाज येत होता, टपटप, एका लयीत, चाळीस वर्षांची लय. बायांची बोलणी हळूहळू लांब गेली.

ओळीच्या मध्यावर ती थांबली. इथंच कुठं तरी तो थांबला असेल, पाठीवर ओला पंप घेऊन, अळी नाही म्हणून पानं उलटी करून बघत. तिनं एक पान उलटं केलं. साफ होतं.

"जुबा," ती म्हणाली.

पलीकडचे हात थांबले. "काय म्हणून राह्यली?"

"राजधानी हाय. नव्या सुदानची. बाबाले विचारायची होती."

मायच्या हातांचा आवाज पुन्हा सुरू झाला नाही. ती तिथंच होती, दोन हातांवर, पानांच्या पलीकडे. दीपमालानं वेचलेला कापूस ओटीत दाबला. मग तिचा आवाज फुटला, शाळेतला नव्हे, लहानपणीचा.

"मले माहीत होतं, बाबा. कांगो झालं थे मले तवा माहीत होतं. गुरुजीनं सांगलं होतं. तुम्ही खिडकीत उभे होते, तुम्हाले येत होतं, म्हणून मी झायरे म्हटलं. तुमच्या पुस्तकानं नाई गेला गोल. मी दिला."